दुसऱ्या मजल्यावरची झोप

माझ्या नणंदेला घरात सगळे बारकी म्हणतात. धाकटी म्हणून बारकी. एरवी उंचीला ती माझ्या नवऱ्याच्याही वर दोन बोटं आहे. मी लग्न होऊन या घरात आले तेव्हा ती कॉलेजच्या पहिल्या वर्षाला होती. माळ्यावरचा डबा काढायचा, दिव्याचा बल्ब बदलायचा की हाक तिलाच.

नोकरीसुद्धा तिला उंचीमुळेच मिळाली. बाजारातल्या तीन मजली दुकानात मुली हव्या होत्या. सुट्टी होती, निकाल लागायचा होता, म्हणून दोन महिने करून बघू म्हणाली. तिथल्या माणसाने तिला नाव-गाव विचारायच्या आधी सगळ्यात वरच्या फळीवरची चादर काढून दाखवायला सांगितली. तिने शिडी न घेता काढली. दुसऱ्या दिवसापासून कामावर. निकाल लागला, दोन विषय राहिले. ते सोडवते, सोडवते म्हणता म्हणता सहा वर्षं गेली. आता ती चोवीस वर्षांची आहे.

दुकानाच्या दुसऱ्या मजल्यावर घरातलं सगळं कापड मिळतं. चादरी, पडदे, टॉवेल, उशांचे अभ्रे, पायपुसणी. तिथल्या मुलींना एकमेकींना नावाने हाक मारायची सवयच नाही. बारकी तिथे चादर. शेजारची टॉवेल. जिन्यापाशी उभी असते तिला आधी पायपुसणं म्हणायचे, पण ती चिडली, दोन दिवस कुणाशी बोलली नाही, तेव्हा तिला बढती देऊन गालिचा केलं. मजल्यावरचे सुपरवायझर गळ्यात सतत मोजपट्टी घालून फिरतात म्हणून ते मोजपट्टी. तोंडावर अर्थात सर.

या मजल्यावर बसायला दोनच गोष्टी. एक गिऱ्हाइकांसाठी ठेवलेल्या चार खुर्च्या. दुसरा एक मोठा पलंग, मध्यभागी मांडलेला, जाड गादी घातलेला, वर रोज नवी चादर, चार उशा. चादर घरात कशी दिसेल हे कळावं म्हणून. मुलींनी दोन्हींवर बसायचं नाही. सकाळी साडेनऊला दुकान उघडायच्या आत उभं राहायचं ते रात्री आठपर्यंत. गिऱ्हाईक नसलं तरी उभंच. बसलेली मुलगी दिसली की गिऱ्हाइकाला दुकान आळशी वाटतं, असं मालकांचं म्हणणं. कोपऱ्यात कॅमेरा आहेच.

मग मुलींनी आपापल्या युक्त्या काढल्या. फळीला टेकून एक पाय वर घ्यायचा, मग दुसरा. त्याला त्या बगळा करणं म्हणतात. "जरा बगळा करून येते गं," असं सांगून पडद्यांच्या मागे जायचं. आणि सगळ्यात खालच्या फळीतला टॉवेल मागणारं गिऱ्हाईक म्हणजे देवमाणूस. कारण तो काढायला गुडघे टेकून खाली बसता येतं, आणि रंग सापडत नाही असं करून आणखी दोन मिनिटं तिथेच राहता येतं. टॉवेल म्हणे असं गिऱ्हाईक दुसरीकडे जाऊ नये म्हणून भांडायची.

जेवायची सुट्टी वीस मिनिटं. जिन्याखालच्या खोलीत, रिकाम्या खोक्यांवर बसून. पाच मिनिटांत डबा संपवायचा आणि पंधरा मिनिटं नुसतं बसायचं. त्या वेळी कुणी कुणाशी बोलत नाही, असं बारकी सांगते.

हे सगळं मला आता माहीत आहे. तेव्हा माहीत नव्हतं, आणि खरं सांगायचं तर मला तिचा राग यायचा. मी एका शाळेच्या ऑफिसात कारकून आहे. साडेपाचला घरी येते, आल्या आल्या ओट्याशी उभी राहते. सासूबाईंचे गुडघे दुखतात, त्यांच्याकडून काही होत नाही. आणि ही नऊच्या सुमारास यायची, पर्स टाकायची, खोलीत फरशीवर आडवी पडायची आणि दोन्ही पाय भिंतीला लावायची. जेवायला हाक मारली तरी उठायची नाही. भिंतीवर पायांचे दोन राखाडी डाग पडले होते. माझ्या नवऱ्याने एकदा रविवारी त्यावर रंग मारला. त्याच आठवड्यात डाग परत आले.

"अगं बारके, एक ताट तरी वाढून घे," मी एकदा म्हणाले. "मीही कामावरूनच येते."

"तू बसून येतेस, वहिनी."

"बसून बसून माझी कंबर गेली!"

"मग अदलाबदल करू. दुपारनंतर तुझी खुर्ची मला दे, तू चादरी दाखव."

दोघी हसलो. पण मला ते लागलं होतं, आणि तिलाही माझं लागलं असणार. त्या आठवड्यात आम्ही कामापुरतंच बोललो.

नंतर एकदा ती पोटऱ्यांना तेल लावत होती तेव्हा मी बघितलं. निळ्या शिरा अशा वर आल्या होत्या, जणू कुणी कातडीखाली दोरा भरून ठेवलाय. मीच तिला डॉक्टरांकडे नेलं. डॉक्टरांनी दोन गोष्टी सांगितल्या, घट्ट मोजे घाला आणि फार वेळ उभ्या राहू नका. काम काय करता हे त्यांनी विचारलं नाही. तिनेही सांगितलं नाही. बाहेर आल्यावर मी म्हटलं, "अगं, सांगायचं ना." तर म्हणाली, "सांगून काय? मोज्यांचं तेवढं बघू."

मागच्या वर्षी दुकानात नऊ दिवसांचा सेल लागला. नऊही दिवस सुट्टी नाही, जेवायची वीस मिनिटं दहावर आली. पाचव्या दिवसापासून ती घरी येऊन भिंतीला पायही लावेना. यायची ती सरळ झोपायची, कपडेसुद्धा न बदलता. सेल मंगळवारी संपला. तिची साप्ताहिक सुट्टी मंगळवारचीच, ती सेलमध्ये बुडाली. बुधवारी सकाळी ती पुन्हा कामावर.

बुधवारी दुपारी दुकान ओस पडलेलं. साडेतीनच्या सुमारास एक वयस्कर बाई आल्या. त्यांना मोठ्या पलंगाची चादर हवी होती. बारकीने सात-आठ दाखवल्या. बाईंना एक पोपटी काठाची आवडली, पण पलंगावर घालून बघायची होती. तिने घातली. या बाजूचे कोपरे खोचले. "आमच्या ह्यांना वर घेऊन येते, ते खाली चपला बघतायत," असं म्हणून बाई जिन्याकडे गेल्या. पलीकडचा एक कोपरा राहिला होता. हात पुरेना म्हणून बारकीने एक गुडघा गादीवर टेकला आणि पुढे वाकली.

तिला एवढंच आठवतं.

पुढचं टॉवेलने सांगितलं. ती चहा प्यायला गेली होती, परत आली तर पलंगावर चादर, चादरीवर बारकी, एका कुशीवर, चपला पायात, हात उशीखाली. शेजारी खुर्ची ओढून त्या बाई बसलेल्या. त्यांचे यजमान मागे पिशव्या धरून उभे. टॉवेल घाबरून पुढे झाली तर बाईंनी ओठांवर बोट ठेवलं.

तेवढ्यात मोजपट्टी आले. कॅमेऱ्यात दिसलं असणार. ते तिला उठवायला वाकले, तर बाई हळूच म्हणाल्या, "ही चादर मी घेतलीय."

"हो, बाई. आत्ता बांधून देतो."

"आत्ता नको. ती उठली की द्या. मला घाई नाही."

मोजपट्टी बुचकळ्यात पडले. गिऱ्हाइकाला दुखवायचं नाही हा त्यांचाच नियम. ते पाच मिनिटं तिथेच उभे राहिले, मोजपट्टीची टोकं ओढत. यजमानांनी दुसरी खुर्ची घेतली. शेवटी खालून कुणीतरी मोठ्याने हाक मारली आणि बारकी दचकून उठली. समोर एवढी माणसं बघून तिच्या तोंडून पहिलं वाक्य निघालं, "आणखी रंग दाखवू का?"

बाईंनी चादर घेतली आणि गेल्या. मोजपट्टींनी तिला बाजूला बोलावलं. शुक्रवारपर्यंत लेखी माफी. नाही तर शनिवारपासून यायचं नाही.

घरी आल्यावर तिने जेवताना हे सांगितलं. एरवी ती दुकानातलं काही बोलत नाही, म्हणून आम्ही सगळे हात थांबवून ऐकत होतो.

"लिहून दे माफी आणि मोकळी हो," माझा नवरा म्हणाला.

सासूबाईंना वेगळीच काळजी. "तोंड उघडं टाकून तर झोपली नव्हतीस ना?"

"घोरत होते, आई," बारकी म्हणाली, आणि पाणी प्यायला उठून गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला ती कागद-पेन घेऊन माझ्यापुढे बसली. शाळेत असले अर्ज मी रोज लिहिते; हात बसलेला आहे. मी भराभर लिहून काढलं. माझ्या हातून अनवधानाने मोठी चूक घडली, त्याबद्दल मी अत्यंत दिलगीर आहे, तरी आपण मोठ्या मनाने क्षमा करून सेवेत कायम ठेवावे, ही नम्र विनंती. तिने वाचलं. परत वाचलं.

"वहिनी, यात मी काय केलं ते कुठाय?"

"चूक घडली असं लिहिलंय ना."

"पण कसली? कुणी वाचलं तर वाटेल मी गल्ल्यात हात घातला."

"असंच लिहायचं असतं, बारके. सविस्तर लिहिलं की माणसं वाचत बसतात."

"वाचू देत."

तिने माझ्या हातातून पेन घेतलं. पाच मिनिटं विचार केला, मग लिहिलं. अक्षर तिचं मोठं आणि उभट आहे. मजकूर मला पाठ आहे, कारण नंतर तो किती जणांनी मला विचारला.

'बुधवारी दुपारी साडेतीन ते चारच्या मध्ये मी दुकानातल्या पलंगावर झोपले. पलंग दाखवायचा आहे, झोपायचा नाही, हे मला माहीत आहे. त्याबद्दल माफ करा. मी मुद्दाम झोपले नाही. त्याआधी सेलचे नऊ दिवस मी रोज साडेदहा तास उभी होते. बसायला काही असतं तर मी बसले असते आणि झोपले नसते.'

"शेवटचं वाक्य काढ," मी म्हटलं.

"का? खोटं आहे?"

"खरंच आहे. म्हणून तर काढ."

तिने माझ्याकडे बघितलं. वाद घालायची ताकद तिच्यात नव्हती. डोळे सुजलेले होते. "राहू दे वहिनी," म्हणाली, "परत लिहायचा कंटाळा आलाय." आणि तिने सही केली. पुढे लोक म्हणाले की हिच्यात काय हिंमत. मी तिथे होते. हिंमत वगैरे नव्हती, तिला खरंच कंटाळा आला होता.

शुक्रवारी तिने कागद दिला. मोजपट्टींनी तो न वाचताच भोक पाडून फाइलला लावला. झालं. शनिवारी ती कामावर गेली, पलंगावर नवी चादर घातली आणि उभी राहिली.

तीन आठवड्यांनी मुख्य ऑफिसातून तपासणीला एक बाई आल्या. नोकरांच्या फाइली बघणं हे त्यांचं काम. एक दिवस नुसती पानं उलटली, दुसऱ्या दिवशी दुसऱ्या मजल्यावर आल्या आणि विचारलं, "पलंगावर झोपलेली कोण?"

गालिचाने बारकीकडे बोट दाखवलं. मागाहून तिला त्यावरून बरीच बोलणी बसली.

बाईंनी बारकीला फार काही विचारलं नाही. इथे किती मुली, सुट्टी किती वेळ, कुणाला पायांचा त्रास आहे का. शेवटच्या प्रश्नाला सगळ्या एकमेकींकडे बघायला लागल्या. मग टॉवेलने गुपचूप सलवार वीतभर वर केली. मग पडदेवालीने. बाईंनी वहीत काहीतरी लिहिलं आणि निघून गेल्या.

संध्याकाळी मोजपट्टींनी बारकीला उशांच्या कपाटामागे गाठलं. "माझ्या पाठीमागून कागद वर पाठवलास?"

"तुमच्याच हातात दिला होता, सर. तुम्हीच फाइलला लावलात."

ती सांगते, त्यांचा चेहरा इतका उतरला की तिलाच वाईट वाटलं. "बावीस वर्षं उभा आहे मी या दुकानात," ते म्हणाले. "कधी कुणाला बोललो नाही."

"का नाही बोललात?"

"बोलायचं असतं हेच माहीत नव्हतं," ते म्हणाले, आणि जिन्याने खाली गेले.

महिन्याभराने दर मजल्यावर दोन-दोन स्टुलं आली. काउंटरच्या आत ठेवायची, गिऱ्हाईक नसताना एकीने दहा मिनिटं बसायचं, पाळीपाळीने. घरी सासूबाईंना केवढा आनंद! शेजारीपाजारी सांगून आल्या की आमच्या बारकीने दुकानात स्टुलं आणली. जणू तिने डोक्यावरून वाहून नेली होती.

पण दुकानात निराळाच ताप सुरू झाला. गालिचा दहाची पंधरा मिनिटं करते म्हणून टॉवेल भांडली. पडदेवाली म्हणाली, मी वयाने मोठी, मला दोनदा हवं. एकदा एक लठ्ठ गृहस्थ सरळ काउंटरच्या आत आले आणि स्टुलावर बसून पाऊण तास पडदे बघत राहिले. गिऱ्हाइकाला उठवणार कोण? आणि प्रत्येक वेळी सगळ्या जणी बारकीकडे. तूच आणलीस, आता तूच सांग कुणाची पाळी.

"मी फक्त झोपले होते गं," ती मला म्हणाली. कपाळावर हात मारून म्हणाली, पण हसली नाही.

शेवटी तिने एका पुठ्ठ्यावर वेळा लिहून टांगल्या. आपली पाळी तिने सगळ्यात शेवटी घातली. भांडण मिटवायचं तर तसंच करावं लागतं म्हणे. शेवटची पाळी संध्याकाळी सहाला येते. सहाला गर्दी असते, म्हणजे आठवड्यातून तीन दिवस तिला बसायला मिळतच नाही. मी म्हटलं, हा कुठला शहाणपणा? ती म्हणाली, "तीन दिवस तर मिळतं."

पुढचा सेल आला तेव्हा जागा लागते म्हणून स्टुलं गोदामात गेली. सेल संपला, ती काही परत येईनात. आठ दिवस गेले. मग एका सकाळी बारकी आणि टॉवेल दुकान उघडायच्या आत गोदामात गेल्या. खोक्यांखालून एक स्टूल ओढून काढलं आणि जिन्याने वर आणू लागल्या. वरून मोजपट्टी उतरत होते. ते थांबले, स्टुलाकडे बघितलं. बाजूने खाली गेले. दोघी वर येऊन काउंटरशी उभ्या राहिल्या, आता काय होतं म्हणून. पाच मिनिटांनी ते धापा टाकत आले. हातात दुसरं स्टूल होतं. ते त्यांनी काउंटरच्या आत ठेवलं, गळ्यातल्या मोजपट्टीने त्यावरची धूळ झटकली आणि गालिचाला ओरडले, "दिवे लाव! साडेनऊ झाले."

त्यानंतर कुणी स्टुलं हलवली नाहीत.

आमच्या घरात म्हणाल तर फार काही बदललं नाही. ती अजून नऊलाच येते. मोजे घालते, उन्हाळ्यात पायांना घामोळं येतं म्हणून चिडचिड करते. राहिलेल्या दोन विषयांपैकी एक गेल्या परीक्षेत सुटला. भांड्यांचे वार आम्ही वाटून घेतलेत. तिच्या वाराला कधी कधी माझा नवरा घासतो आणि सासूबाई तोंड फिरवून बसतात. मी तिच्यावर पूर्वीसारखी चिडत नाही. म्हणजे चिडते, पण आधी तिच्या पायांकडे नजर जाते.

गेल्या आठवड्यात ती स्वयंपाकघरात माझ्याजवळ लसूण सोलत बसली होती. मोजपट्टी दोन महिन्यांनी काम सोडून लेकीकडे राहायला जाणार आहेत, असं म्हणाली. त्यांच्या जागी कोण, असं वरून विचारलं तेव्हा त्यांनी तिचं नाव दिलं.

"अगं, मग हे आता सांगतेस?" मी कढईखालचा गॅस बंद केला. "घेणार ना?"

"बघते."

"बघायचं काय त्यात? सहा वर्षं झाली तुला."

"त्या कामात दिवसभर जिने चढायचे-उतरायचे असतात, वहिनी. आणि मग या सगळ्या माझ्यावर चिडणार. कॅमेऱ्यात मी बघायचं, कोण दहाची पंधरा मिनिटं करतंय ते." तिने लसणाची एक पाकळी बराच वेळ बोटांत फिरवली. "आणि नाही म्हटलं तर बाहेरून कुणीतरी येणार. ते स्टुलं ठेवतील की नाही, काय माहीत."

"मग?"

"आज नको गं. आज मला विचार करवत नाही."

तिने सोललेला लसूण वाटीत टाकला, सालं गोळा केली आणि हात धुवायला गेली. तिला पंधरा तारखेपर्यंत उत्तर द्यायचं आहे. आज अकरा आहे.